री कोरानचे सिनेमे दाखवा : फिल्म सोसायट्यांना खुले पत्र

महाराष्ट्रातल्या फिल्म सोसायट्या, फिल्म क्लब आणि रसास्वाद शिबिरं चालवणाऱ्या सर्व मंडळींना,

सस्नेह नमस्कार.

एक मागणी करायला हे पत्र लिहिते आहे, म्हणून ती आधीच सांगते. जपानी सिनेमाचा पुढचा जो कार्यक्रम तुम्ही आखाल, त्यात यामागुची योशिको या अभिनेत्रीची कारकीर्द एकसलग दाखवा. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या ‘स्कँडल’पुरती त्यांची हजेरी लावून थांबू नका. त्याआधीचं आणि नंतरचं कामही घ्या, आणि युद्धकाळात त्यांनी ‘री कोरान’ या नावाने केलेले प्रचारपट तर नक्की घ्या. मी पुण्यात जपानी भाषा शिकवते. जपानी सिनेमावर जीव असलेली पुष्कळ तरुण मुलं रोज माझ्यासमोर बसतात. मिफुने, शिमुरा, सेत्सुको हारा ही नटनट्यांची नावं त्यांना तोंडपाठ आहेत. यामागुची योशिको म्हटलं की वर्ग गप्प होतो. दोष मुलांचा नाही. आपण जे दाखवतो तेच त्यांनी पाहिलं आहे.

‘स्कँडल’ (१९५०) तुमच्यापैकी बहुतेकांनी पाहिला असेल. डोंगरात चित्र काढत बसलेला मिफुने, बस चुकलेली एक गायिका, मोटारसायकलवरून सराईपर्यंत सोडणं, सज्जात उभं राहून चार शब्द बोलणं, आणि तेवढ्यात एका भडक मासिकाच्या माणसांनी टिपलेला फोटो. पुढे खटला उभा राहतो आणि शिमुरा ताकाशींचा लाचखाऊ, रडवेला वकील सगळा चित्रपट खाऊन टाकतो. त्यामुळे नंतरची चर्चा शिमुरांवर होते, कुरोसावांच्या पत्रकारितेवरच्या रागावर होते, आणि गायिका झालेली बाई राहूनच जाते. पण १९५० साली जपानी थिएटरात बसलेल्या माणसाला ती बाई कोण हे पक्कं ठाऊक होतं. जिच्याबद्दल खोटं छापून येतं अशा स्त्रीची भूमिका कुरोसावांनी अशा अभिनेत्रीला दिली होती, जिची अख्खी ओळखच दहा-बारा वर्षं खोटी छापली गेली होती. हे माहीत नसेल तर ‘स्कँडल’ अर्धाच दिसतो.

योशिकोचा जन्म १२ फेब्रुवारी १९२० चा, ईशान्य चीनमधल्या फंगत्येनजवळचा. फंगत्येन म्हणजे आजचं शनयांग. आईवडील जपानी. वडील दक्षिण मांचुरिया रेल्वे या जपानी कंपनीच्या कर्मचाऱ्यांना चिनी भाषा शिकवायचे आणि मुलीलाही त्यांनीच शिकवलं. बालपण फुशूनमध्ये गेलं. तिथे कोळशाच्या मोठ्या खाणी होत्या, आणि कोळसा होता म्हणून जपानी सैन्यही होतं. १९३२ च्या सप्टेंबरमध्ये चिनी बंडखोरांनी खाणीवर हल्ला केला आणि त्याचा सूड म्हणून सैन्याने शेजारचं पिंगदिंगशान हे गाव माणसांसकट संपवलं. योशिको तेव्हा बारा वर्षांची होती. झाडाला बांधलेल्या एका चिनी माणसाला जपानी शिपायांनी मारताना तिने पाहिलं होतं आणि म्हातारपणी लिहिलेल्या आत्मचरित्रातही ते दृश्य तिला सोडत नाही. मांचुरियात वाढलेली प्रत्येक जपानी मुलगी हे पाहत नव्हती. हिने पाहिलं होतं, आणि तरी पुढचं सगळं घडलं. म्हणूनच तिची गोष्ट सोपी नाही.

फंगत्येनला आल्यावर तिला क्षय झाला. फुप्फुसांना व्यायाम म्हणून गाणं शिक, असं ल्यूबा नावाच्या तिच्या रशियन ज्यू मैत्रिणीने सुचवलं आणि एका ऑपेरा-गायिकेकडे तिची शिकवणी सुरू झाली. एका जलशात रेडिओवाल्यांनी तिला ऐकलं. मांचुकुओ हे जपानने उभं केलेलं बाहुलं राज्य नुकतं जन्मलं होतं. त्याच्या रेडिओला चिनी गाणी गाणारी मुलगी हवी होती, जिला जपानी स्वरलिपी वाचता येते आणि जपानी सूचना कळतात. अशी चिनी मुलगी सापडेना, तेव्हा ही जपानी मुलगी चिनी म्हणून माइकसमोर उभी केली गेली. वडिलांचे एक स्नेही होते, ली जीछुन नावाचे जुने सेनानी. तिकडच्या रिवाजाप्रमाणे त्यांनी तिला मानलेली मुलगी करून ली श्यांगलान हे नाव दिलं होतं. मायेने दिलेलं ते नाव रेडिओने उचललं. त्याच चिनी अक्षरांचा जपानी उच्चार ‘री कोरान’.

मग ती शिकायला बीजिंगला गेली, दुसऱ्या एका चिनी घरात, दुसऱ्या एका चिनी नावाने. वर्गातल्या मैत्रिणींना ती जपानी आहे याचा पत्ता नव्हता. विद्यार्थ्यांच्या एका सभेत प्रश्न निघाला की जपानी फौज शहराच्या वेशीशी आली तर कोण काय करेल. कुणी लढायला जाणार होतं, कुणी दक्षिणेला. हिची पाळी आली तेव्हा ती म्हणाली, मी शहराच्या तटावर उभी राहीन. दोन्ही बाजूंपैकी कुणाची तरी गोळी आधी आपल्याला लागेल, म्हणजे सुटलो, असा तिचा हिशेब होता. हा प्रसंग सांगताना आजही माझा आवाज नीट राहत नाही. किशोरवयातल्या मुलीला स्वतःच्या आयुष्याचा एवढा नेमका नकाशा दिसला होता!

मानेई, म्हणजे मांचुकुओची चित्रपट कंपनी, १९३७ साली निघाली. निम्मं भांडवल मांचुकुओ सरकारचं आणि निम्मं रेल्वे कंपनीचं. १९३९ पासून तिच्या प्रमुखपदी अमाकासु मासाहिको हा माणूस होता. १९२३ च्या तोक्यो भूकंपानंतरच्या गोंधळात ओसुगी साकाए हे अराजकवादी विचारवंत, त्यांची सहचारिणी इतो नोए आणि सहा वर्षांचा एक भाचा यांच्या खुनासाठी शिक्षा झालेला लष्करी पोलीस अधिकारी तो हाच. अशा संस्थेत योशिको अठराव्या वर्षी दाखल झाल्या. नुसती गाणी म्हणायची आहेत असं त्यांना सांगितलं गेलं होतं. पोचल्यावर त्यांना कॅमेऱ्यासमोर उभं केलं गेलं. १९३८ साली मानेईच्या वतीने त्या पहिल्यांदा जपानला गेल्या. शिमोनोसेकी बंदरात पासपोर्ट तपासणारा अधिकारी त्यांच्यावर खेकसला की जपानी असून हे चिनी कपडे कसले घालतेस आणि ती भाषा कसली बोलतेस. मनात कल्पून ठेवलेल्या मायदेशाने पहिल्या भेटीत केलेलं हे स्वागत. त्याच मायदेशातले प्रेक्षक पुढे दोन-तीन वर्षांत त्यांना चिनी समजून डोक्यावर घेणार होते.

आता ‘शिना नो योरु’विषयी. चीनमधल्या रात्री, असा त्या नावाचा अर्थ. तोहो कंपनीचा १९४० चा चित्रपट, नायक हासेगावा काझुओ, तेव्हाचा जपानमधला सगळ्यात देखणा नट. शांघायच्या रस्त्यावर त्याला एक मळकी, संतापलेली चिनी मुलगी भेटते. तिचं घर आणि आईवडील युद्धात गेले आहेत, जपानी माणूस दिसला की ती फणकारते. तो तिला आसरा देतो, ती उलटून बोलते, अखेर तो तिच्या थोबाडीत मारतो. आणि त्या थोबाडीने तिचे डोळे उघडतात. ती त्याच्या पाया पडते, क्षमा मागते, प्रेमात पडते.

जपानी प्रेक्षकाला यात पुरुषाचं प्रेम दिसलं. चिनी प्रेक्षकाला दुहेरी अपमान दिसला. एक तर परक्याने आपल्या मुलीला मारलं, आणि वर ती त्याच्यावर भाळली. यामागुचींनी स्वतःच नंतर हा फरक सविस्तर लिहून ठेवला आहे. हा प्रसंग रसास्वाद शिबिरात दाखवून मग दिवे लावून अर्धा तास नुसतं बोलायला बसलं, तरी प्रचारपट म्हणजे काय हे दहा व्याख्यानांपेक्षा जास्त कळेल. कारण या चित्रपटात घोषणा नाहीत. सुझोऊची तळी आहेत, पूल आहेत, विलोची झाडं आहेत. हात्तोरी र्‍योइचींनी बांधलेलं ‘सोश्यू याक्योकु’ हे गाणं आहे, जे जपानमध्ये आजही आवडीने गायलं जातं. ते ऐकताना मन हळवं होतं, माझंही होतं. आणि त्या हळवेपणाच्या ओघात आपण एका देशाने दुसऱ्या देशावर केलेली चढाई लग्नासारखी गोड मानून मोकळे होतो. प्रचार असाच चालतो, सुरात. तुम्ही हा चित्रपट दाखवलात तर कृपा करून गाणी कापू नका. सगळं काम गाण्यांनीच केलं आहे.

जपानमध्ये त्यांची लोकप्रियता कुठवर गेली होती? ११ फेब्रुवारी १९४१, जपानच्या राष्ट्रस्थापनेचा दिवस. तोक्योच्या निचिगेकी थिएटरात री कोरानचा गाण्याचा कार्यक्रम होता. तिकिटासाठी लोटलेल्या गर्दीने थिएटरला साडेसात वेढे घातले असं अजून सांगतात. पोलिसांना पाण्याचे फवारे मारून लोकांना हटवावं लागलं. चीनशी युद्ध चालू असताना एका ‘चिनी’ गायिकेसाठी ही झुंबड. जपानला चीन हवा होता, पण आपल्यावर प्रेम करणारा, आपली भाषा बोलणारा, आपली थोबाडीत खाऊन हसणारा. खऱ्या चीनमध्ये तसं कुणी सापडत नव्हतं. म्हणून घरच्याच मुलीला ते सोंग दिलं गेलं.

इथे मला सोलापूरची आठवण काढायची आहे, आणि ती ओढूनताणून काढत नाही. १९४० साली हा चित्रपट जपानमध्ये गर्दी खेचत होता, तेव्हा सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस उत्तर चीनमध्ये त्याच जपानी सैन्याच्या गोळ्यांनी जखमी झालेल्या माणसांवर शस्त्रक्रिया करत होते. १९३८ साली काँग्रेसने पाठवलेल्या पाच डॉक्टरांपैकी ते एक. नागपूरचे डॉ. चोळकरही त्याच पथकात होते. कोटणीसांनी १९४१ साली क्वो छिंगलान या चिनी परिचारिकेशी लग्न केलं, आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, ते तिथेच गेले. १९४६ साली व्ही. शांताराम यांनी ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ काढला. कोटणीस स्वतः शांतारामबापू झाले आणि चिनी छिंगलान झाल्या जयश्रीबाई.

हे दोन चित्रपट पाठोपाठ ठेवा, एवढीच माझी विनंती आहे. दोन्हींत युद्धाने होरपळलेला चीन आहे, बाहेरून आलेला पुरुष आहे, त्याच्यावर जीव लावणारी चिनी मुलगी आहे, आणि दोन्हींत ती मुलगी चिनी नसलेल्या नटीने साकारली आहे. एकामागे खरं लग्न, खरं मरण आणि खरी मैत्री होती. दुसऱ्यामागे लष्कराची गरज होती. पण पडद्यावरची साधनं, म्हणजे गाणं, डोळे, अश्रू, नवखी वेशभूषा, ही दोघांकडे सारखीच होती. कोटणीसांच्या चित्रपटाला मी खाली खेचत नाही. आमच्या घरात तो चित्रपट भक्तीने पाहिला गेला आहे. तरीही आपल्या बाजूच्या चित्रपटाने आपल्याला कसं हलवलं हे समजल्याशिवाय दुसऱ्या बाजूच्या प्रेक्षकाला नावं ठेवण्याचा अधिकार मिळत नाही, असं मला मनापासून वाटतं. महाराष्ट्रात ही चर्चा जितकी खोल होऊ शकेल तितकी फार थोड्या ठिकाणी होईल. कारण दुसरा चित्रपट आपल्या घरचा आहे.

१९४३ साली यामागुचींनी शांघायमध्ये ‘वान्शी ल्यूफांग’ या अफू-युद्धावरच्या चित्रपटात काम केलं. ब्रिटिशांविरुद्धचा म्हणून जपान्यांना तो चालला. परक्या आक्रमकाविरुद्धचा म्हणून चिनी प्रेक्षकांनी त्यात आपला अर्थ वाचला. अफूबाजांच्या अड्ड्यावर मिठाई विकणाऱ्या मुलीचं त्यांचं गाणं चीनभर गाजलं. चिनी जनतेने त्यांना खऱ्या अर्थाने आपलं म्हटलं ते या वेळी. त्यानंतर बीजिंगमध्ये पत्रकार परिषद झाली. आपण जपानी आहोत हे तिथे सांगून टाकायचं त्यांच्या मनात होतं. आयोजकांनी अडवलं, लोकांचं स्वप्न मोडू नका म्हणाले. परिषद संपता संपता एका तरुण पत्रकाराने विचारलं की तुम्ही चिनी असून ‘शिना नो योरु’सारख्या चित्रपटांत कसं काम केलंत, तुमचा स्वाभिमान कुठे गेला. त्यांनी तिथल्या तिथे माफी मागितली, समज नव्हती, पुन्हा असं करणार नाही, असं सांगितलं. टाळ्या झाल्या. माफी खरी होती आणि ती मागणारी ओळख खोटी. १९४४ साली त्यांनी मानेई सोडली.

१९४५ च्या ऑगस्टमध्ये जपान हरला. अमाकासुने विष घेतलं. शांघायमध्ये री कोरानला देशद्रोही म्हणून पकडण्यात आलं. चिनी असून शत्रूला मदत केली, हा आरोप. अमुक तारखेला रेसकोर्सवर तिला गोळी घालणार, असं वर्तमानपत्रांत छापूनही आलं. जीव वाचवायचा एकच मार्ग होता, आपण जपानी आहोत हे सिद्ध करणं. त्यासाठी कोसेकी, म्हणजे जपानी कुटुंबनोंदणीचा उतारा, लागणार होता आणि तो बीजिंगला आईवडिलांकडे होता. बालपणीची मैत्रीण ल्यूबा पुन्हा धावून आली. एका जपानी बाहुलीत लपवून तो कागद शांघायला पोचला. १९४६ च्या आरंभी न्यायालयाने त्यांना सोडलं. पण सोडताना न्यायाधीशांनी सुनावलंही की कायद्याने गुन्हा ठरत नसला तरी चिनी नावाने असे चित्रपट केल्याची नैतिक जबाबदारी राहते. ही जबाबदारी यामागुचींनी कधी झटकली नाही. मला त्यांच्याबद्दल आदर वाटतो तो इथून पुढे.

तोच काळ, तशीच दुसरी बाई. कावाशिमा योशिको जन्माने मांचू राजकन्या, वाढली जपानी घरात, जपानसाठी हेरगिरी केली म्हणून पकडली गेली. तिच्याजवळ दाखवायला कोसेकी नव्हता. मार्च १९४८ मध्ये बीजिंगला तिला गोळी घालण्यात आली. दोघी एकमेकींना ओळखत होत्या. एकीजवळ कागद होता आणि दुसरीजवळ नव्हता, एवढ्यावर एक वाचली आणि दुसरी गेली.

जपानला परतल्यावर त्यांनी आपलं जन्मनाव घेतलं आणि पुन्हा सुरुवात केली. मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो १९५० चा ‘आकात्सुकी नो दास्सो’, पहाटेचं पलायन. दिग्दर्शक तानिगुची सेनकिची, पटकथेत कुरोसावांचा हात. तामुरा ताइजिरो यांच्या ज्या कादंबरीवर तो बेतला आहे, तिची नायिका सैन्यासाठी चीनच्या आघाडीवर नेलेली कोरियन ‘इआन्फु’ आहे, म्हणजे लष्कराच्या वेश्यालयात ठेवलेली स्त्री. तेव्हा जपानवर अमेरिकेचा ताबा होता आणि पटकथा अमेरिकन सेन्सॉरकडून पास व्हावी लागे. ती पुन्हा पुन्हा परत आली. अखेर नायिका झाली जवानांची करमणूक करणारी जपानी गायिका. कोरियन स्त्री पडद्यावरून पुसली गेली आणि तिच्या जागी यामागुची योशिको उभ्या राहिल्या. पूर्वी त्यांना चिनी स्त्रीच्या जागी उभं केलं होतं, आता कोरियन स्त्रीच्या.

पुढे १९६५ साली सुझुकी सेइजुन यांनी याच कादंबरीवर चित्रपट केला आणि नायिकेला वेश्याच ठेवलं. हे दोन्ही चित्रपट एका दिवशी दाखवता आले तर सोन्याहून पिवळं.

हॉलिवूडचा भाग मी भरभर सांगते, कारण त्यात काम फारसं चांगलं नाही. ‘शर्ली यामागुची’ या नावाने १९५२ आणि १९५५ साली दोन चित्रपट झाले. त्यातला सॅम्युएल फुलर यांचा ‘हाऊस ऑफ बॅम्बू’ तोक्योच्या रस्त्यांवर रंगीत सिनेमास्कोपमध्ये चित्रित केला आहे आणि त्या शहरासाठी तो पाहावा. भूमिका मात्र तीच, परक्या पुरुषावर जीव टाकणारी आशियाई बाई. हुकूम देणारा देश तेवढा बदलला होता. शिल्पकार इसामू नोगुचींशी झालेलं लग्न पाच वर्षं टिकलं. हाँगकाँगमध्ये जुन्या ली श्यांगलान या नावाने काही चित्रपट झाले. १९५८ साली राजनैतिक अधिकारी ओताका हिरोशींशी लग्न करून वयाच्या अडतिसाव्या वर्षी त्यांनी सिनेमा सोडला.

आणि इथेच बहुतेक चित्रपट-इतिहास त्यांनाही सोडतात. मला ते पटत नाही. १९६९ पासून त्या दूरचित्रवाणीवर दुपारच्या एका कार्यक्रमाच्या निवेदिका झाल्या आणि व्हिएतनाम, पॅलेस्टाइन इथे जाऊन बातम्या देऊ लागल्या. ज्यांच्या भूमीत कुणी तरी बाहेरून येऊन बसलं आहे, अशा माणसांकडे त्या परत परत जात राहिल्या. १९७४ साली त्या जपानी संसदेच्या वरिष्ठ सभागृहात निवडून आल्या आणि १८ वर्षं तिथे होत्या. १९८७ साली आत्मचरित्र लिहिलं. १९९५ साली जपानमध्ये एशियन विमेन्स फंड स्थापन झाला, युद्धकाळात लष्करी वेश्यालयांत ढकलल्या गेलेल्या स्त्रियांसाठी. यामागुची त्याच्या प्रवर्तकांत होत्या आणि नंतर उपाध्यक्ष झाल्या. भरपाईचा पैसा सरकारी तिजोरीतून न येता लोकांच्या देणग्यांतून यावा हे अनेक पीडित स्त्रियांना मान्य नव्हतं, कोरियातल्या कित्येकींनी ते पैसे नाकारले, आणि त्यांचा नकार मला पूर्णपणे रास्त वाटतो. तरीही १९५० च्या चित्रपटात ज्या स्त्रीला पुसून आपल्याला उभं केलं गेलं, तिच्यासाठी पंचेचाळीस वर्षांनी ही अभिनेत्री उभी राहिली, ही गोष्ट तिच्या चित्रपटांसोबत सांगायलाच हवी. ७ सप्टेंबर २०१४ रोजी, ९४ व्या वर्षी, त्या गेल्या, तेव्हा चीनच्या परराष्ट्र मंत्रालयानेही शोक व्यक्त केला. ज्या देशाने एकदा त्यांच्यावर देशद्रोहाचा खटला भरला होता, त्या देशाकडून हे आलं.

तुमच्यातल्या काहींचा आक्षेप मला आत्ताच ऐकू येतो आहे. युद्धखोर सरकारचे प्रचारपट आम्ही का दाखवायचे? तेही आजच्या दिवसांत? आक्षेप गंभीर आहे, म्हणून उत्तरही तसंच देते. हे चित्रपट एरवीच्या सिनेमासारखे, नुसती तारीख आणि वेळ फलकावर लावून दाखवू नयेत, हे मलाही मान्य आहे. आधी दहा मिनिटं बोलणारं कुणी हवं, नंतर तासभर बसणारं कुणी हवं. पण न दाखवण्याने काय झालं आहे ते पाहा. आपल्याकडे जपानी सिनेमा १९५० सालच्या ‘राशोमोन’पासून सुरू होतो असा समज पसरला आहे. त्याच्या आधीच्या दशकात त्याच स्टुडिओंत, त्यातल्याच कित्येक कलावंतांनी काय केलं, याचा प्रश्नच कुणाला पडत नाही. युद्धोत्तर जपानी सिनेमातली ती खोल लाज आणि माणुसकीची ओढ आपण भारावून पाहतो. ती आली कुठून, हे या आधीच्या चित्रपटांशिवाय उलगडत नाही.

दुसरा आक्षेप असा येईल की यामागुची जन्माने चीनमधल्या असल्या तरी शेवटी जपानीच होत्या, मग त्यांना परदेशी अभिनेत्री म्हणून का बघायचं. मी त्यांना परदेशी म्हणा असं म्हणत नाही. जपानी पडद्याला परकी स्त्री कशी हवी होती, हे त्यांच्याइतकं कुणातच स्पष्ट दिसत नाही, एवढंच म्हणते. त्यांच्या शेजारी आजची एक अभिनेत्री ठेवा. शिम उन-ग्योंग, जन्म १९९४ चा. कोरियात बालकलाकार म्हणून नाव कमावून ती जपानमध्ये आली, भाषा शिकली, आणि ‘शिंबुन किश्या’ या २०१९ च्या चित्रपटात सरकारच्या मागे लागलेल्या पत्रकाराची मुख्य भूमिका केली. मार्च २०२० मध्ये तिला जपान अकॅडमीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. तो मिळवणारी ती पहिली कोरियन. त्या चित्रपटात तिचे उच्चार लपवलेले नाहीत. पात्रालाच जपानी वडील, कोरियन आई आणि अमेरिकेतलं बालपण दिलं आहे. २०२५ साली दिग्दर्शक मियाके श्यो यांच्या ज्या चित्रपटाने लोकार्नो महोत्सवात सुवर्ण बिबट्या हा सर्वोच्च पुरस्कार पटकावला, त्यातही ती जपानमध्ये राहणारी कोरियन पटकथाकारच आहे. यामागुचींची चिनी भाषा निर्दोष होती आणि त्या निर्दोषपणामुळेच त्या सोंगात अडकल्या. शिमला अडखळण्याची मुभा मिळाली. ऐंशी वर्षांत जपानी सिनेमा इथवर आला आहे, आणि कुठून आला हे दाखवल्याशिवाय शिमच्या पुरस्काराचं मोल मुलांना कळणार नाही.

म्हणून माझा आग्रह नेमका असा आहे. दोन दिवसांचा कार्यक्रम ठेवा. पहिल्या दिवशी ‘शिना नो योरु’ आणि त्याला लागून ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’. दुसऱ्या दिवशी सकाळी ‘आकात्सुकी नो दास्सो’, दुपारी ‘स्कँडल’, संध्याकाळी ‘शिंबुन किश्या’. सुझुकींचा चित्रपट मिळाला तर तिसरा दिवस वाढवा. बोलायला नुसते सिनेमाचे अभ्यासक बोलावू नका. चिनी शिकवणाऱ्या कुणाला तरी बोलवा, आधुनिक आशियाचा इतिहास शिकवणाऱ्या कुणाला बोलवा, आणि सोलापूरच्या कोटणीस स्मारकाच्या मंडळींना आवर्जून आमंत्रण द्या. कार्यक्रम पुण्या-मुंबईतच अडकवून ठेवू नका. सोलापूरला तो आधी व्हावा असं मला वाटतं. विद्यार्थ्यांना तिकीट माफ करा, निदान जपानी आणि चिनी शिकणाऱ्यांना तरी. परवानग्या आणि प्रती मिळवायला वेळ लागतो हे मला माहीत आहे, त्यासाठीच इतक्या आधी लिहिते आहे.

सबटायटल मराठीत हवेत हा माझा शेवटचा हट्ट. इंग्रजी वाचता वाचता त्या थोबाडीच्या आधीचे आणि नंतरचे संवाद हातातून निसटतात, आणि नेमकं तिथेच थांबून बघायचं आहे. ‘शिना नो योरु’ आणि ‘आकात्सुकी नो दास्सो’ या दोघांचं मराठी करायला मी तयार आहे. माझ्या वरच्या वर्गातली मुलंही हाताशी आहेत, मोबदला नको. तुमच्यापैकी कुणीही एकाने पुढाकार घेतला आणि तारखा कळवल्या की आम्ही कामाला लागतो.

आपली,
जपानी भाषेची एक शिक्षिका
पुणे